चौथा प्रश्न : बार्बरा वॉल्टर्स आणि दहा लाख डॉलरची खुर्ची

4 ऑक्टोबर 1976. एबीसी वाहिनीच्या संध्याकाळच्या बातम्या संपत आल्या होत्या. अमेरिकेतल्या तीन मोठ्या वाहिन्यांच्या मुख्य बातमीपत्रात कायमची नेमणूक होऊन एक स्त्री पहिल्यांदाच निवेदकाच्या खुर्चीत बसली होती. शेजारच्या खुर्चीत हॅरी रीझनर होते. निरोप घेता घेता ते तिच्याकडे वळून म्हणाले की आज मी तुझ्या बातम्यांचा आणि माझ्या बातम्यांचा वेळ मोजलाय, तू मला चार मिनिटं देणं लागतेस.

प्रेक्षकांना ते गमतीनं म्हटल्यासारखं वाटलं असेल. बार्बरा वॉल्टर्सही तशीच आशा धरून होत्या. पण पुढचं दीड वर्ष त्या दोन खुर्च्यांमध्ये वेळ खरोखर मोजला जात होता, आणि ते घरोघरच्या पडद्यावर दिसत होतं.

बार्बरा वॉल्टर्स यांची कारकीर्द पन्नास वर्षांहून मोठी होती. ती सगळी इथे मांडायची नाही. 1976 ते 1978 हा एकच तुकडा घ्यायचा आहे, आणि तो समजण्यासाठी लागेल तेवढंच मागचं-पुढचं. दूरचित्रवाणीवरच्या स्त्रियांचा इतिहास सांगताना हा तुकडा बहुतेक वेळा एका ओळीत उरकला जातो: पहिली स्त्री सहनिवेदक, दहा लाख डॉलर पगार. मला या प्रकरणात दिसतं ते वेगळंच. जी खुर्ची मिळाली म्हणून त्यांचं नाव इतिहासात गेलं, त्या खुर्चीत त्या अपयशी ठरल्या. आणि जिथे त्यांची वाट अडवली गेली होती, तिथेच त्यांचं खरं काम घडलं.

आधी चौथ्या प्रश्नाबद्दल

वॉल्टर्स 1961 मध्ये एनबीसीच्या 'टुडे' या सकाळच्या कार्यक्रमात आल्या त्या लेखन आणि संशोधनाच्या कामासाठी. पडद्यावर तेव्हा एक 'टुडे गर्ल' असायची. हवामान सांगायचं, हलक्याफुलक्या गप्पा मारायच्या, प्रसन्न दिसायचं, एवढंच तिचं काम. 1962 च्या मार्चमध्ये जॅकलिन केनेडी भारत आणि पाकिस्तानच्या दौऱ्यावर आल्या, तेव्हा त्यांच्यासोबतच्या पत्रकारांमध्ये वॉल्टर्स होत्या. 1964 पासून त्या पडद्यावर नियमित दिसू लागल्या आणि हळूहळू 'गर्ल' हा शब्द गळून पडला. तो कुणी काढून टाकला नाही. त्यांच्या कामापुढे तो शोभेनासा झाला.

1971 मध्ये फ्रँक मॅगी 'टुडे'चे मुख्य सूत्रधार झाले. मॅगी अनुभवी, कसलेले वार्ताहर होते. राजकारण आणि परराष्ट्र व्यवहार यांसारख्या गंभीर विषयांवरच्या मुलाखतींत वॉल्टर्सनी भागच घेऊ नये, अशी त्यांची मागणी होती. प्रकरण वरपर्यंत गेलं आणि तडजोड निघाली ती अशी: स्टुडिओत एखादा मंत्री किंवा मुत्सद्दी आला की पहिले तीन प्रश्न मॅगी विचारतील. चौथ्या प्रश्नापासून वॉल्टर्सनी बोलायला हरकत नाही.

हे कलम मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला ते दोनदा वाचावं लागलं. तीन प्रश्न म्हणजे काय, हे मुलाखत घेणाऱ्या कुणालाही ठाऊक असतं. पाचसात मिनिटांच्या मुलाखतीत पहिल्या तीन प्रश्नांत सूर लागतो, समोरचा माणूस सैल होतो किंवा आखडतो, आणि कुठे जायचं ते जवळजवळ ठरून जातं. चौथा प्रश्न विचारणाऱ्याला दुसऱ्यानं मांडलेल्या पटावर खेळावं लागतं. म्हणजे बंदी घातली असं म्हणायची सोय नाही, आणि मोकळीक दिली असंही नाही.

वॉल्टर्सनी या कलमातली फट शोधली. नियम स्टुडिओपुरता होता. स्टुडिओबाहेर जाऊन, स्वतः ठरवून, स्वतः चित्रित करून आणलेल्या मुलाखतीला तो लागू नव्हता. मग त्या बाहेर पडल्या. ज्यांना वाहिनीच्या इमारतीत आणणं अवघड, अशा माणसांच्या दारात जाऊ लागल्या. पत्रं पाठवायची, फोन करायचे, नकार आला की महिन्याभरानं पुन्हा विचारायचं. राष्ट्राध्यक्ष निक्सन यांचे मुख्य सहायक एच. आर. हाल्डेमन पत्रकारांशी सहसा बोलत नसत. फेब्रुवारी 1972 मध्ये ते वॉल्टर्सशी बोलले आणि निक्सन यांच्या व्हिएतनाम धोरणाचे टीकाकार जाणूनबुजून शत्रूला मदत करताहेत असं म्हणून बसले. दुसऱ्या दिवशी देशभर गदारोळ. त्याच महिन्यात निक्सन चीनला गेले, तेव्हा बरोबर नेलेल्या पत्रकारांच्या मोजक्या ताफ्यातही वॉल्टर्स होत्या.

ज्या माणसानं त्यांना चौथ्या प्रश्नावर बसवलं, त्यानं त्यांना नकळत त्यांचा खरा पेशा शिकवला. अन्यायाचं समर्थन म्हणून हे म्हणत नाही. तो अन्यायच होता, आणि त्याच अडवणुकीपुढे हात टेकून बाहेर पडलेल्या कितीतरी बायका असतील, त्यांची नावं आपल्यापर्यंत पोचलेलीच नाहीत. पण या एका बाईपुरतं बोलायचं तर बंद दाराच्या बाजूची खिडकी शोधण्याची सवय तिथे लागली आणि ती शेवटपर्यंत राहिली.

आणखी एक बारीक गोष्ट. पुढच्या करारात त्यांच्या बाजूनं एक कलम घालून घेतलं होतं: मॅगी कुठल्याही कारणानं कार्यक्रमातून गेले, तर वॉल्टर्स यांना सहसूत्रधाराचा दर्जा मिळेल. मॅगी लवकर कुठे जाताहेत, असा वाहिनीचा हिशेब असणार. मॅगींना हाडांचा कर्करोग होता आणि एप्रिल 1974 मध्ये ते वारले. कलम कागदावर होतं, ते पाळावं लागलं. 'टुडे'ची पहिली अधिकृत स्त्री सहसूत्रधार ही पदवी अशी आली. कौतुकानं कुणी बहाल केलेली नव्हती.

पैसा आणि घर

एबीसीचा प्रस्ताव आला 1976 च्या वसंतात. पाच वर्षांचा करार, वर्षाला दहा लाख डॉलर. यातली अर्धी रक्कम बातमी विभाग देणार होता आणि अर्धी मनोरंजन विभाग. मनोरंजन विभागाच्या पैशाच्या बदल्यात वर्षाला काही विशेष मुलाखतींचे कार्यक्रम करून द्यायचे होते. करारातला हा दुसरा भाग लक्षात ठेवायला हवा. त्या वेळी सगळ्यांची बोटं त्याच्याकडेच रोखली गेली होती, आणि प्रकरणाचा निकाल शेवटी त्यानंच लावला.

एबीसी तेव्हा बातम्यांत तिसऱ्या क्रमांकावर होती. सीबीएसकडे वॉल्टर क्रॉन्काइट होते, एनबीसीकडे जॉन चॅन्सलर. एबीसीला धक्का द्यायचा होता. शिवाय संध्याकाळचं अर्ध्या तासाचं बातमीपत्र वाढवून त्यात मुलाखतींना जागा करायचा बेत होता. तो बेत फसला, कारण गावोगावची संलग्न केंद्रं आपल्या कमाईचा वेळ सोडायला तयार नव्हती. खुर्ची मिळाली, पण ती ज्या खोलीत मांडायची होती ती खोलीच बांधली गेली नाही.

मग त्यांनी हे स्वीकारलं का? महत्त्वाकांक्षा होतीच, आणि त्यांनी ती कधी लपवली नाही. पण त्यामागे घरही होतं. वडील लू वॉल्टर्स हे नाइटक्लब चालवणारे मोठे नावाजलेले गृहस्थ. बॉस्टन, मायामी आणि न्यूयॉर्कमध्ये त्यांचा 'लॅटिन क्वार्टर' गाजला. पैसा आला तसा गेला. 1958 मध्ये नवा क्लब बुडाला, वडिलांनी जीव द्यायचा प्रयत्न केला, कराची देणी अंगावर आली. मोठी बहीण जॅकलिन बौद्धिकदृष्ट्या अपंग होती आणि तिची आयुष्यभराची जबाबदारी आपल्यावर येणार हे बार्बरांना लहानपणापासून कळत होतं. तिशीच्या आत संसाराचा गाडा ओढायला लागलेल्या बाईला 'एवढा पैसा कशाला हवा' हा प्रश्न बाहेरच्यांनी विचारावा, हे मला रुचत नाही.

बाहेरच्यांनी तो विचारलाच. रीझनर किंवा क्रॉन्काइट यांच्या पगाराच्या दुपटीहून हा आकडा जास्त होता. खरं तर बातम्यांच्या कामाचे पाच लाखच होते, आणि एबीसीनं रीझनर यांचा पगारही वाढवला. पण मथळ्यात अर्धा आकडा कोण छापतो? त्या 'मिलियन डॉलर बेबी' झाल्या. सीबीएस बातम्यांचे प्रमुख रिचर्ड सॅलंट यांनी विचारलं की बार्बरा पत्रकार आहे की शेर? शेर म्हणजे तेव्हाची गाजलेली पॉप गायिका. क्रॉन्काइट म्हणाले की ऐकून मळमळल्यासारखं झालं. बातम्या आणि तमाशा यांच्यामधली भिंत राखायचे आपले सगळे प्रयत्न वाया गेले, आता आपण सगळेच बुडतो की काय, असं त्यांना वाटलं. गिल्डा रॅडनर या विनोदी अभिनेत्रीनं त्यांच्या 'र' नीट न उच्चारण्यावर 'बाबा वावा' हे पात्र उभं केलं आणि ते देशभर पोचलं.

क्रॉन्काइट यांची काळजी पोकळ होती असं मी म्हणणार नाही. बातम्यांमध्ये चकचकीतपणा शिरला, आणि तो वाढतच गेला. पण तो एका बाईच्या पगारातून शिरला नाही. तिसऱ्या क्रमांकावरच्या वाहिनीच्या घाईतून, प्रेक्षकसंख्येच्या तक्त्यांतून तो आला, आणि त्या तक्त्यांवर निवेदक पुरुषांचेही पगार ठरत होते.

खुर्चीतले दिवस

रीझनर यांची बाजूही बघायला हवी. 1970 मध्ये ते सीबीएस सोडून एबीसीत आले. 1975 मध्ये जोडीदार हॉवर्ड स्मिथ भाष्यकाराच्या कामाकडे गेले आणि एकट्यानं बातमीपत्र सांभाळायची रीझनर यांची वेळ आली. ती जेमतेम वर्षभर टिकली. कुणीही दुसरा शेजारी आणला असता तरी त्यांना राग आलाच असता. पण आलेला दुसरा माणूस स्त्री होती, सकाळच्या कार्यक्रमातून आली होती आणि तिचा आकडा देशभर छापून आला होता. या तिन्ही गोष्टी त्यांनी तिच्या खात्यावर मांडल्या.

दोघांमधला गारठा इतका उघड होता की कॅमेऱ्याच्या एका चौकटीत दोघांना एकत्र दाखवणं टाळलं जाऊ लागलं. बातमी वाचणाऱ्या दोन माणसांमध्ये पडद्यावर होणारी देवाणघेवाण अगदी साधी असते. 'आता पुढची बातमी सांगतील अमुक', एक नजर, एक हलकी मान. ती नजरच येत नसेल तर घरी बसलेला प्रेक्षक अस्वस्थ होतो, का ते त्याला सांगता येत नाही. आणि तो वाहिनी बदलतो. एबीसी तिसऱ्या क्रमांकावरून हलली नाही.

याच काळात हॉलिवूडचे अभिनेते जॉन वेन यांची तार आली. त्यांची आणि वॉल्टर्स यांची ओळखही नव्हती. मजकूर शिवराळ होता आणि त्याचा अर्थ होता की त्या हरामखोरांपुढे खचू नकोस. ही तार त्या कधी विसरल्या नाहीत. आपल्या आठवणींत या काळाबद्दल त्या जे सांगतात त्यात बढाई नाही. आपण बुडालो, संपलो, असंच त्यांना वाटत होतं.

आणि एक गोष्ट त्यांच्या बाजूनं नसलेली, पण खरी. बातमी वाचणं हे त्यांचं बलस्थान नव्हतं. संध्याकाळच्या अर्ध्या तासातून जाहिराती वजा केल्या की हातात साधारण बावीस मिनिटं उरतात. त्यात डझनभर बातम्या. तिथे हवा असतो ठाम, सपाट, भरवशाचा आवाज, जो आपल्याला काही विचारायचं आहे असं कधीच भासवत नाही. वॉल्टर्स यांची सगळी ताकद विचारण्यात होती. पहिल्याच दिवशी त्यांनी उपग्रहामार्फत इजिप्तचे राष्ट्राध्यक्ष अन्वर सादात यांची मुलाखत घेतली, म्हणजे बावीस मिनिटांत आपला प्रांत घुसवायचा प्रयत्न केला. रीझनर यांनी मोजलेली ती चार मिनिटं हा वाद दोन माणसांमधला होता तितकाच तो दोन कामांमधलाही होता.

दुसरा अर्धा

14 डिसेंबर 1976. करारातल्या मनोरंजनाच्या भागातला पहिला विशेष कार्यक्रम. एकीकडे गायिका-अभिनेत्री बार्ब्रा स्ट्रायसँड, दुसरीकडे नुकतेच निवडून आलेले जिमी कार्टर आणि रोझलिन कार्टर. मनोरंजनाच्या पैशांत राष्ट्राध्यक्ष! या मुलाखतीत वॉल्टर्सनी कार्टर दांपत्याला विचारलं की तुम्ही एका पलंगावर झोपता की वेगवेगळ्या? शेवटी कार्टरना म्हणाल्या की आमच्याशी शहाणपणानं वागा, आमच्याशी चांगलं वागा. दोन्हींवर टीकेची झोड उठली. दुसऱ्या वाक्याबद्दल मीही टीकाकारांच्या बाजूची आहे. पत्रकारानं सत्ताधाऱ्याला आशीर्वाद मागू नये. पलंगाच्या प्रश्नाबद्दल मात्र माझं मत वेगळं आहे. कार्टरनी सरळ, न लाजता उत्तर दिलं आणि त्या उत्तरातून शेंगदाण्याच्या शेतीतून आलेला हा माणूस कसा आहे ते प्रेक्षकांना कळलं. त्यांच्या धोरणांवरच्या दहा प्रश्नांतून ते कळलं नसतं.

कार्यक्रम तुफान पाहिला गेला.

मे 1977 मध्ये क्यूबा. कॅस्ट्रो यांची मुलाखत मागायला त्यांनी सुरुवात केली होती दोन वर्षं आधी, 1975 मध्ये, सिनेटर मॅकगव्हर्न यांच्या क्यूबा भेटीच्या वार्तांकनाला गेल्या तेव्हा. दोन वर्षं चिकाटीनं लावून धरलं. कॅस्ट्रोंनी त्यांना गस्तीच्या बोटीतून बे ऑफ पिग्जच्या पाण्यावरून नेलं, जिथे 1961 मध्ये अमेरिकेच्या पाठबळावरचं आक्रमण फसलं होतं. स्वतः जीप चालवत सिएरा मॅएस्त्राच्या डोंगरात नेलं. मग पाच तासांच्या आसपास बैठक. वृत्तपत्रस्वातंत्र्याचा प्रश्न आला तेव्हा कॅस्ट्रोंनी आडपडदा न ठेवता सांगितलं की तुमची वृत्तपत्रस्वातंत्र्याची कल्पना आणि आमची कल्पना एक नाही. मला ही मुलाखत त्यांच्या कामातली सगळ्यात चांगली वाटते, कारण यात गप्पांची ऊब आहे आणि प्रश्न मात्र मऊ झालेले नाहीत.

या कामाची तयारी कशी व्हायची ते थोडं जवळून बघू. त्यांच्यापाशी लहान जाड कागदाची कार्डं असत, तीन इंच बाय पाच इंच. एका कार्डावर एक प्रश्न. सुचेल तो प्रश्न लिहायचा. आजूबाजूच्या माणसांना विचारायचं, तुम्हाला या माणसाला काय विचारावंसं वाटतं? त्यांचेही प्रश्न लिहायचे. शेकडो कार्डं जमत. मग ती पसरून क्रम लावायचा, गाळायचं, पुन्हा लावायचं, पुन्हा गाळायचं. बहुतेकदा सुरुवात बालपणापासून, घरापासून, जिथे माणूस सावध नसतो. सगळ्यात धारदार प्रश्न शेवटाकडे, म्हणजे समोरचा उठून गेला तरी हातात मुलाखत असते. आणि तो विचारताना आवाज चढवायचा नाही. 1989 मध्ये लिबियाच्या गद्दाफींना त्या म्हणाल्या की आमच्या देशात आम्ही वाचतो की तुम्ही वेडे आहात. आरोप वाचकांचा, विचारणारी मी, उत्तर तुमचं. 2001 मध्ये पुतिन यांना त्यांनी विचारलं की तुम्ही कधी कुणाला ठार मारायचा हुकूम दिलाय का. पुतिन म्हणाले, नाही. हा प्रश्न विचारून त्या शांत बसल्या. मुलाखत घेताना मला आजही सगळ्यात जड जातं ते हे शांत बसणं.

प्रत्येक प्रश्न निशाण्यावर लागला असं नाही. 1981 मध्ये अभिनेत्री कॅथरीन हेपबर्न स्वतःहून म्हणाल्या की मी झाडासारखी झालेय, तेव्हा वॉल्टर्सनी विचारलं, कुठलं झाड? पुढची कित्येक वर्षं लोक हसले. हेपबर्न यांचं वाक्य सगळे विसरले, प्रश्न तेवढा लक्षात राहिला. प्रश्न साधा होता आणि ऐकून विचारलेला होता. कार्डांवर लिहिलेला नव्हता.

जेरुसलेम

19 नोव्हेंबर 1977 ला सादात जेरुसलेमला पोचले. अरब देशाचा प्रमुख इस्रायलमध्ये, ही गोष्टच कुणाला कालपर्यंत खरी वाटली नसती. त्यांच्या विमानात तिन्ही वाहिन्यांची माणसं होती: क्रॉन्काइट, चॅन्सलर आणि वॉल्टर्स. सगळ्यांना एकच हवं होतं, सादात आणि इस्रायलचे पंतप्रधान बेगिन एकत्र. वॉल्टर्सची बेगिन यांच्याशी ओळख होती, सादात यांच्याशीही. बेगिन यांनी सादात यांच्याकडे शब्द टाकला आणि दुसऱ्या दिवशी नेसेटमध्ये, म्हणजे इस्रायलच्या संसदेत, दोघं एकत्र वॉल्टर्सच्या कॅमेऱ्यासमोर बसले. पहिली संयुक्त मुलाखत त्यांना मिळाली.

क्रॉन्काइटना कळताच त्यांनीही धावपळ करून दोघांना गाठलं आणि आपली मुलाखत घेतली. ती संपल्यावर ध्वनिफितीवर त्यांचा आवाज राहून गेला. ते विचारत होते की बार्बराला असं काही मिळालंय का जे मला मिळालं नाही?

अठरा महिन्यांपूर्वी जिच्या नावानं मळमळ झाली होती, तिच्याशी आता बरोबरी मोजली जात होती. क्रॉन्काइटना मी यासाठी कमी लेखत नाही. चांगला वार्ताहर असंच विचारतो. पण या एका वाक्यात बार्बरा पत्रकार ठरली होती, आणि ते ठरवणारा माणूस तो होता ज्याच्या मताला अमेरिकेत सर्वाधिक वजन होतं.

बातमी विभागाची सूत्रं 1977 मध्ये रून आर्लेज यांच्याकडे आली होती. क्रीडाप्रक्षेपणातून आलेल्या या माणसाला कोण कुठे शोभतं हे पटकन दिसत असे. 1978 मध्ये रीझनर सीबीएसला परतले, त्याच वर्षी बातमीपत्र नव्या रूपात सुरू झालं आणि वॉल्टर्स त्या खुर्चीतून उठल्या. त्यांना काढलं नाही, फिरती केली: जगातल्या मोठ्या मुलाखती, विशेष कार्यक्रम, पुढे एबीसीचाच '20/20' हा कार्यक्रम. तिथे त्या 1984 मध्ये ह्यू डाउन्स यांच्यासोबत सहसूत्रधार झाल्या आणि 2004 पर्यंत राहिल्या. डाउन्स म्हणजे 'टुडे'मधले त्यांचे जुने सहकारी, मॅगींच्या आधीचे सूत्रधार, ज्यांनी त्यांना पडद्यावर आणायला हातभार लावला होता. दोन खुर्च्यांमध्ये वेळ न मोजताही काम होतं, हे त्या जोडीनं दाखवलं.

मग नेमकं काय फसलं

या प्रकरणाचं एक सोपं वाचन असं की रीझनर यांनी त्यांना जगू दिलं नाही. हे खरं आहे, पण पुरेसं नाही. दुसरं वाचन असं की त्या वृत्तनिवेदनाच्या लायक नव्हत्या. यात रीझनर वजा केले जातात, म्हणून तेही अपुरं. मला वाटतं, एबीसीनं माणूस निवडला एका कामासाठी आणि बसवला दुसऱ्याच कामावर. मुलाखतकार हवी होती, म्हणून मोठा करार केला. मुलाखतींना वेळ मिळाला नाही तेव्हा करार बदलायला हवा होता, पण तोवर 'पहिली स्त्री' ही जाहिरात झाली होती आणि खुर्ची मागे घेता येत नव्हती. ज्याला सगळे सवंग म्हणत होते तो मनोरंजनाचा अर्धा करार त्यांच्या कामाला मोकळं रान देणारा निघाला, आणि प्रतिष्ठेचा अर्धा त्यांच्या हातून प्रश्न काढून घेणारा.

किंमत मात्र फक्त त्यांनी मोजली नाही. 'बाई बसवून बघितली, जमलं नाही' हे वाक्य वाहिन्यांच्या हाती आलं आणि ते फार वर्षं पुरलं.

आणि मोठ्या माणसांच्या दारात जाण्याची, ओळख जपण्याची जी सवय चौथ्या प्रश्नानं लावली, तिची दुसरी बाजूही पुढे दिसली. 1987 मध्ये उघड झालं की इराणला झालेल्या शस्त्रविक्रीच्या प्रकरणात एका मध्यस्थाचा निरोप त्यांनी राष्ट्राध्यक्ष रेगन यांच्यापर्यंत पोचवला होता. हे वाहिनीच्या नियमांविरुद्ध होतं. 2011 च्या डिसेंबरमध्ये त्यांनी सीरियाच्या बशर अल असाद यांना त्यांच्या सैन्याच्या अत्याचारांबद्दल थेट, कठोर प्रश्न विचारले. पुढच्या वर्षी समजलं की ती मुलाखत मिळवून द्यायला मदत करणाऱ्या असाद यांच्या तरुण सहायिकेसाठी त्यांनी नंतर ओळखीपाळखीत शब्द टाकला होता. त्यांनी चूक कबूल केली. त्यांच्या कामावर माझं प्रेम आहे, म्हणूनच हे गाळून पुढे जाता येत नाही. दार उघडून घेणारा माणूस उंबऱ्यावर किती वेळ उभा राहतो आणि कधी घरातला होतो, हा प्रश्न त्यांच्याकडून सुटला नाही.

3 मार्च 1999 ला मोनिका लेविन्स्की, राष्ट्राध्यक्ष क्लिंटन यांच्याशी असलेल्या संबंधांमुळे गाजलेली तरुणी, त्यांच्यासमोर बसली. सात कोटींहून जास्त लोकांनी ती मुलाखत थोडी तरी पाहिली असं तेव्हा सांगितलं गेलं. शेवटी वॉल्टर्सनी विचारलं की तुला मुलं झाली तर त्यांना काय सांगशील? ती म्हणाली की आईच्या हातून एक मोठी चूक झाली. पंचवीस वर्षांपूर्वी स्टुडिओत जिला पहिले तीन प्रश्न विचारायची परवानगी नव्हती, ती या वेळी शेवटचा प्रश्न विचारत होती, आणि मध्ये दुसरं कुणी नव्हतं.

वॉल्टर्स 1978 मध्ये उठल्या त्यानंतर एखाद्या मोठ्या वाहिनीच्या रोजच्या संध्याकाळच्या बातम्यांत स्त्री सहनिवेदक पुन्हा बसायला 1993 उजाडलं. सीबीएसवर डॅन रादर यांच्याशेजारी कॉनी चुंग आल्या, आणि दोन वर्षांत त्याही उठल्या. एकट्या स्त्रीच्या हाती ते बातमीपत्र आलं 2006 मध्ये, केटी कुरिक यांच्या रूपानं, वॉल्टर्स पहिल्यांदा त्या खुर्चीत बसल्या त्याला तीस वर्षं झाल्यावर. मे 2014 मध्ये वॉल्टर्स निवृत्त झाल्या. 'द व्ह्यू' या त्यांनीच 1997 मध्ये सुरू केलेल्या कार्यक्रमाच्या मंचावर त्या दिवशी दूरचित्रवाणीवरच्या दोन डझन स्त्री पत्रकार एकेक करून आल्या. त्यांत कॉनी चुंग होत्या, केटी कुरिकही होत्या.